चित्राआधी कात्री : ॲनिमेशनमधील संकलकाची वाट

कोल्हापूरला चित्रपटाचे नवल नाही. खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा मानस्तंभ उभा आहे. बाबूराव पेंटर या मेस्त्री घराण्यातील कलावंताने परदेशी यंत्र डोळ्यांसमोर ठेवून येथेच कॅमेरा घडविला, १९१७ साली महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२० साली ‘सैरंध्री’ लोकांपुढे आणला. त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर या मंडळींनी १९२९ साली याच गावात ‘प्रभात’ची स्थापना केली. हा इतिहास आपल्याला पाठ आहे. नटनट्या आपल्याला ठाऊक आहेत, दिग्दर्शक ठाऊक आहेत, आणि कॅमेऱ्याचा तर आपण स्तंभच उभारला.

मात्र एका माणसाची आठवण आपण कधी काढत नाही. अंधाऱ्या खोलीत टेबलाशी बसून हजारो फूट फिल्ममधून नेमका तुकडा निवडणारा, नको तो कापणारा आणि हवा तो जोडणारा हा माणूस म्हणजे संकलक. त्याच्या कात्रीचा स्तंभ कोठेही नाही. आज आम्ही या संकलकाविषयी, आणि त्यातही कार्टूनपटाच्या म्हणजे ॲनिमेशनच्या संकलकाविषयी लिहिणार आहोत. यामागे केवळ माहिती देण्याचा हेतू नाही. दहावी-बारावीचे निकाल लागले की गावात ॲनिमेशन क्लासचे फलक झळकतात आणि अनेक घरांतून एकच प्रश्न विचारला जातो, “पोराला चित्रं काढता येत नाहीत, मग त्याला या लाइनीला घालून काय उपयोग?”

या प्रश्नात एक मोठा गैरसमज दडलेला आहे. ॲनिमेशन म्हणजे केवळ चित्र काढणे, असे आपण धरून चालतो. वस्तुतः त्या धंद्यात असेही एक काम आहे की जे करणाऱ्याला चित्रकार असावे लागत नाही. मात्र त्याला गोष्ट कळावी लागते, वेळेचा हिशेब कळावा लागतो, आणि ‘हे नको’ असे सकारण सांगण्याचे धैर्य असावे लागते. विशेष म्हणजे, नेहमीच्या चित्रपटात संकलकाचे मुख्य काम चित्रीकरणानंतर येते, तर ॲनिमेशनमध्ये ते पहिले चित्र रंगविण्याच्याही आधी सुरू होते.

एका मिनिटाचा हिशेब

हे असे का, ते समजण्यासाठी थोडा हिशेब मांडू. पडद्यावर एका सेकंदात २४ चौकटी म्हणजे फ्रेम सरकतात. एका मिनिटाच्या झाल्या १,४४०. दीड तासाच्या चित्रपटाच्या झाल्या १,२९,६००. हाताने काढलेल्या कार्टूनपटात पुष्कळदा एक चित्र दोन फ्रेम दाखवून काम भागवितात. तरीही सेकंदाला १२, मिनिटाला ७२० आणि दीड तासाला ६४,८०० चित्रे होतात. तीही पडद्यावर एकच पात्र हलते आहे असे धरून! दोन पात्रे असतील तर त्यांचा हिशेब वेगळा, मागच्या देखाव्याचा वेगळा. संगणकावरील ॲनिमेशनमध्ये चित्रे हाताने काढीत नसले तरी पात्राची हालचाल, कपड्यांच्या घड्या, उजेड आणि सावली यांवर शेकडो माणसे महिनोन् महिने राबतात.

नेहमीच्या चित्रपटात दिग्दर्शक एकच प्रसंग चार बाजूंनी, सहा वेळा चित्रित करतो. ते सगळे संकलकाच्या टेबलावर येते आणि तो त्यातून निवड करतो. ॲनिमेशनमध्ये अशी उधळपट्टी परवडत नाही. दहा सेकंदांचा एक तुकडा शेवटी कापावा लागला, तर किमान १२० चित्रे आणि ती काढणाऱ्यांची मेहनत केराच्या टोपलीत गेली म्हणून समजावे.

वॉल्ट डिस्नेसारख्या मातब्बर माणसालाही हे चुकले नाही. ‘स्नो व्हाइट’ हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा कार्टूनपट १९३७ साली आला. त्यात सात बुटके सूप पितात असा एक प्रसंग होता. वॉर्ड किम्बल या तरुण चित्रकाराने कित्येक महिने खपून तो जवळजवळ पुरा केला होता. प्रसंग गमतीचा होता, पण त्यामुळे गोष्ट रेंगाळत होती. म्हणून तो अखेर कापला गेला. चित्र चांगले असणे वेगळे आणि ते गोष्टीला आवश्यक असणे वेगळे. हा फरक ओळखणे हेच संकलकाचे काम होय.

आधी अंदाजपत्रक, मग खर्च

यावर धंद्याने शोधलेला उपाय आमच्यासारख्या कॉमर्सच्या माणसाला लगेच पटतो. आधी अंदाजपत्रक करावे, मग खर्च करावा. प्रथम गोष्टीची साधी पेन्सिलची चित्रे काढतात, एका प्रसंगाला पाच-पंचवीस. याला स्टोरीबोर्ड म्हणतात. स्टुडिओतलीच माणसे संवाद वाचून तात्पुरता आवाज भरतात. मग ही चित्रे आणि हे आवाज संकलकाकडे येतात. कोणते चित्र किती सेकंद राहावे, पुढचे केव्हा यावे, कोठे शांतता असावी, कोठे संगीत यावे, हे तो ठरवितो. यातून एक कच्चा चित्रपट तयार होतो. त्याला ॲनिमॅटिक किंवा स्टोरी रील म्हणतात. त्यात पात्रे हलत नाहीत, रंगही नसतात. परंतु गोष्ट उभी राहते की बसते, हे त्यात स्पष्ट दिसते.

पुढे नामवंत नटांचे आवाज येतात, तेव्हा तात्पुरते आवाज काढून खरे घालायचे. एकेका शॉटचे ॲनिमेशन तयार झाले की पेन्सिलचे चित्र काढून तेथे तो शॉट बसवायचा. नंतर रंग आणि उजेड भरलेला शॉट आला की पुन्हा बदल. असे कित्येक महिने, कधी कधी तीन-चार वर्षे चालते. या साऱ्या काळात संपूर्ण चित्रपट अथपासून इतिपर्यंत एकाच ठिकाणी पाहावयास मिळतो. ते ठिकाण म्हणजे संकलकाची खोली.

याचे महत्त्व किती, याचा एक दाखला प्रसिद्ध आहे. ‘टॉय स्टोरी’ हा संपूर्णपणे संगणकावर तयार झालेला जगातील पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. तो करणाऱ्या पिक्सार कंपनीने १९ नोव्हेंबर १९९३ रोजी त्याची कच्ची रील डिस्नेच्या अधिकाऱ्यांना दाखविली. ती पाहताच सर्वांच्या लक्षात आले की गोष्टीचा नायक असलेले वुडी हे खेळणे इतके खवट आणि आपमतलबी झाले आहे की कोणाही पोराला ते आवडणार नाही. डिस्नेने काम थांबविले. पिक्सारच्या माणसांनी गोष्ट पुन्हा बांधली, वुडीचा स्वभाव बदलला, आणि १९९५ च्या नोव्हेंबरात आलेल्या त्या चित्रपटाने जग जिंकले. ती रील नसती, तर हा दोष चित्रपट पुरा झाल्यावर, म्हणजे पैसा आणि वर्षे संपल्यावर कळला असता.

संकलकाचे आणखी एक काम असते, ते म्हणजे आवाजाची फोड. ॲनिमेशनमध्ये आवाज आधी आणि चित्र नंतर. समजा, एखादे लेकरू ‘बाबा’ म्हणते आणि त्याला अर्धा सेकंद लागतो. म्हणजे १२ फ्रेम. ‘ब’ म्हणताना ओठ मिटतात आणि ‘आ’ म्हणताना उघडतात. तर ओठ साधारण पहिल्या फ्रेमला मिटले पाहिजेत आणि पुन्हा सातव्याला. हे सारे एका तक्त्यावर उतरवितात, एका ओळीला एक फ्रेम. तो तक्ता पाहून चित्रकार तोंडाची चित्रे काढतो. पूर्वी आवाजाची चुंबकीय फिल्म यंत्रावर पुढेमागे ओढून, कानाने ऐकून, पेन्सिलने खुणा कराव्या लागत. आज संगणकाच्या पडद्यावर आवाजाची रेघ दिसते. तरीही नेमके कोठे काय ऐकू येते, हे शेवटी कानच सांगतो. कॅशबुक लिहिणाऱ्या कारकुनाला हा तक्ता परका वाटणार नाही. एक ओळ चुकली की खालचे सगळे चुकते.

निग्रोधमृगाची गोष्ट

येथवर यंत्र आणि हिशेब झाला. आता निवड कशी करतात ते पाहू. त्यासाठी आपल्या परिचयाचेच उदाहरण घेऊ.

भारत सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनने १९५६ साली मुंबईत कार्टूनपटाचा विभाग सुरू केला. तेथील तरुणांना शिकविण्यासाठी क्लेअर वीक्स हे डिस्नेच्या स्टुडिओत काम केलेले चित्रकार अमेरिकेच्या तांत्रिक सहकार्य योजनेतून आले. हे गृहस्थ मिशनरी आई-बापांच्या पोटी भारतातच जन्मले होते. त्यांच्या मार्गदर्शनाखाली या विभागाने १९५७ साली जो रंगीत कार्टूनपट केला, तो ‘बनियन डिअर’. म्हणजे निग्रोधमृग जातक. भारतात सरकारी पातळीवर ॲनिमेशन शिकण्यास सुरुवात झाली तीच मुळी जातककथेने, ही गोष्ट आपल्या घरातील मुलांना अवश्य सांगावी.

कथा आपण जाणताच. वाराणसीच्या राजाच्या उपवनात हरणांचे दोन कळप अडकलेले असतात. एकाचा नायक निग्रोध, दुसऱ्याचा साख. शिकारीच्या धावपळीत अनेक हरणे उगाच जखमी होतात, म्हणून रोज एकाने आपल्या पाळीने जावे असे ठरते. एके दिवशी साखाच्या कळपातील गाभण हरिणीची पाळी येते. पोटातले पाडस जन्मेपर्यंत थांबा, अशी ती विनवणी करते. साख नकार देतो. ती निग्रोधाकडे जाते. निग्रोध काही न बोलता स्वतः जाऊन ठोकळ्यावर मान ठेवतो. राजा चकित होतो. तो त्याला अभय देतो, मग हरिणीला, मग सर्व हरणांना आणि शेवटी सर्व प्राणिमात्रांना.

त्या चित्रपटाच्या कर्त्यांनी हा प्रसंग कसा कापला, हे आम्ही येथे सांगत नाही. आपण स्वतःच संकलकाच्या खुर्चीत बसून पाहू. समजा, आपल्यापुढे पाच चित्रे आहेत. हरीण ठोकळ्याकडे चालते आहे, ठोकळा, आचाऱ्याच्या हातातील कुऱ्हाड, हरणाचा चेहरा, राजाचा चेहरा.

पहिल्या क्रमात आधी कुऱ्हाड दाखविली, मग हरीण चालताना, मग ठोकळा. पाहणाऱ्याला भीती वाटेल. हरीण मरणार की काय, अशी उत्कंठा लागेल. दुसऱ्या क्रमात हरीण शांतपणे चालत आले, त्याने मान ठेवली, त्याचा चेहरा आपण तीन सेकंद पाहिला आणि मग कुऱ्हाड दिसली, तीही थबकलेली. आता भीती मागे पडली आणि आचाऱ्याचा हात का थांबला, हा विचार पुढे आला. चित्रे तीच. एकही रेघ बदलली नाही. पण पहिल्यात ती शिकारीची गोष्ट झाली आणि दुसऱ्यात करुणेची.

आता वेळ बदलून पाहा. हरणाचा चेहरा एक सेकंद ठेवला, तर तो केवळ एक प्राणी दिसेल. तीन सेकंद ठेवला, तर तो काहीतरी ठरवून आला आहे असे वाटेल. आठ सेकंद ठेवला, तर पोरे चुळबूळ करू लागतील. हे एक, तीन की आठ कोण ठरविणार? संकलक. आणि हे चित्र काढण्यापूर्वीच ठरले, तर चित्रकाराला नेमके ठाऊक असते की ही तीन सेकंदे श्वास, पापणी आणि कान एवढेच हलवायचे आहे. या निवडीसाठी कुंचला लागत नाही. साखाने नकार का दिला आणि निग्रोधाने मान का ठेवली, हे मनापासून समजलेले असावे लागते.

आपल्याकडची परंपरा

एक फ्रेम, मग दुसरी फ्रेम, असे चित्र उभे करण्याची विद्या महाराष्ट्राला नवी नाही. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्याही आधी, १९१२ साली, वाटाण्याचे रोप उगवताना रोज थोडे थोडे चित्रित केले आणि महिन्याभराची वाढ मिनिटा-दोन मिनिटांत दाखविली. भांडवल देणाऱ्यांचा विश्वास त्यांनी या लहानशा पटाने मिळविला. पुढे १९१५ साली त्यांनी काड्यापेटीतील काड्या नाचविणारा ‘आगकाड्यांची मौज’ हा पट केला.

फाळक्यांचे नाव घेतले की सरस्वतीबाई फाळके यांचेही नाव घेतले पाहिजे. कोऱ्या फिल्मला कडेने भोके पाडणे, चित्रित फिल्म रसायनांत धुणे, तिचे तुकडे जोडणे ही कामे त्या करीत, आणि कंपनीच्या माणसांचा स्वयंपाकही करीत. म्हणजे भारतीय चित्रपटाच्या जन्मवेळी ही कामे एका गृहिणीच्या हाताने झालेली आहेत. ‘हे काम मुलींचे नव्हे’ असे कोणी म्हटले, तर एवढे एकच नाव पुरेसे आहे.

कोल्हापुरातून १९३३ साली पुण्याला गेलेल्या ‘प्रभात’ने १९३४ साली ‘जंबूकाका’ हा कोल्ह्याचा लहान कार्टूनपट काढला. तो रघुनाथ केळकर यांनी केला होता. फिल्म्स डिव्हिजनच्या विभागातून राम मोहन पुढे आले. १९९२ साली जपानी मंडळींबरोबर पुऱ्या झालेल्या रामायणावरील मोठ्या कार्टूनपटाचे ते एक दिग्दर्शक होते. २०१४ साली त्यांना पद्मश्री मिळाली आणि २०१९ साली ते निवर्तले. फिल्म्स डिव्हिजन ही संस्थाही आता स्वतंत्र राहिलेली नाही. २०२२ साली ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. दूरदर्शनवरील ‘एक अनेक और एकता’ हा १९७४ चा पट मात्र आमच्या पिढीपैकी कोणीही विसरलेला नाही. जाळ्यासकट उडून जाणारे पक्षी आठवा. तो विजया मुळे आणि भीमसेन यांचे काम.

याच परंपरेतील आजचे नाव म्हणजे मुंबईच्या गीतांजली राव. जे. जे. कला महाविद्यालयात शिकून त्या राम मोहन यांच्या स्टुडिओत तयार झाल्या. त्यांचा ‘प्रिंटेड रेनबो’ हा लघुपट २००६ साली कान महोत्सवात गौरविला गेला. २०१९ सालचा ‘बॉम्बे रोझ’ हा त्यांचा पूर्ण लांबीचा चित्रपट मुंबईच्या रस्त्यावर फुले विकणाऱ्या मुलीची आणि पोटासाठी शहरात आलेल्या माणसांची गोष्ट सांगतो. तो एकेक फ्रेम रंगवून केलेला आहे. लेखन आणि दिग्दर्शन त्यांचे, आणि संकलनही त्यांचेच. रंगविणारे हात अनेक होते. पण कोणते चित्र किती वेळ राहणार, हा निर्णय त्यांनी स्वतःकडे ठेवला. यावरून या कामाचे वजन समजावे.

टेबलापासून दिग्दर्शनापर्यंत

संकलकाला पुढे वाट असते काय? असते. आपल्याच गावचे अनंत माने पाहा. १९१५ साली कोल्हापुरात त्यांचा जन्म झाला. ‘प्रभात’च्या संकलन विभागात ते तयार झाले आणि पुढे दिग्दर्शक होऊन त्यांनी १९५९ साली ‘सांगत्ये ऐका’ दिला. तमाशापटाची एक परंपराच त्या चित्रपटाने सुरू केली. कोठे थांबावे आणि कोठे पुढे जावे, हे ते टेबलावर शिकले होते.

ॲनिमेशनमध्ये याचे ठळक उदाहरण अमेरिकेतील ली अंक्रिच यांचे. चित्रपटाचे शिक्षण घेऊन ते दूरचित्रवाणी मालिकांच्या संकलनात उमेदवारी करीत होते. १९९४ साली ‘टॉय स्टोरी’च्या कामावर ते थोड्या काळासाठी म्हणून पिक्सारमध्ये गेले आणि पंचवीस वर्षे राहिले. ‘टॉय स्टोरी’च्या दोन संकलकांपैकी ते एक. मग ‘टॉय स्टोरी २’, ‘मॉन्स्टर्स इन्क’ आणि ‘फाइंडिंग निमो’ या चित्रपटांचे ते सहदिग्दर्शक झाले. २०१० चा ‘टॉय स्टोरी ३’ आणि २०१७ चा ‘कोको’ हे त्यांनी स्वतः दिग्दर्शित केले आणि दोन्हींना सर्वोत्कृष्ट ॲनिमेशनपटाचे ऑस्कर मिळाले. ॲनिमेशनच्या एवढ्या मोठ्या स्टुडिओत ते वर चढले ते चित्रकार म्हणून नव्हे, संकलक म्हणून.

मात्र चित्राची दुसरी बाजू लपविणे आम्हास पसंत नाही. एका चित्रपटावर शंभर चित्रकार असले, तरी संकलनाच्या खोलीत चार-पाच माणसेच असतात. जागा थोड्या. सुरुवात सहायक म्हणून, फायलींना नावे देण्यापासून आणि आलेला शॉट जागच्या जागी बसविण्यापासून. काम बहुधा कंत्राटी. मुदत जवळ आली की रात्री जागाव्या लागतात. कामासाठी बहुतेक वेळा मुंबई, पुणे किंवा हैदराबाद गाठावे लागते. आता तर यंत्र स्वतःच चित्रे काढून देऊ लागले आहे आणि त्याचा फटका चित्रकारांना बसेल तसा संकलन-सहायकांनाही बसू शकेल. तरीही आमचे मत असे की, चित्रे जितकी स्वस्त आणि पुष्कळ होतील, तितकी त्यांतले नको ते ओळखणाऱ्या माणसाची गरज अधिक भासेल.

पालकांनी काय विचारावे?

आमच्या ओळखीच्या एका गृहस्थांनी प्रॉव्हिडंट फंडातून उचल घेऊन मुलाला एका खासगी ॲनिमेशन क्लासला घातले. वर्षाअखेर प्रमाणपत्र आले. त्यावर डझनभर सॉफ्टवेअरची नावे होती. पण मुलाने स्वतः पुरी केलेली दोन मिनिटांची फिल्मसुद्धा नव्हती. “पोरगं दिवसभर कॉम्प्युटरवर बसतंय, पन हातात काय दिसंना बघा,” असे ते आम्हाला म्हणाले. दोष पोराचा नव्हता आणि बापाचाही नव्हता. काय विचारावे हेच त्यांना कोणी सांगितले नव्हते.

म्हणून फी भरण्यापूर्वी पुढील गोष्टी विचारून घ्याव्यात. मागच्या वर्षीच्या मुलांनी केलेल्या फिल्म दाखवा म्हणावे, आणि त्या अथपासून इतिपर्यंत पाहाव्यात. स्टोरीबोर्ड, आवाज आणि ॲनिमॅटिक शिकवितात की फक्त सॉफ्टवेअरची बटणे, हे विचारावे. शिकविणाऱ्याने स्वतः कोणत्या चित्रपटावर वा मालिकेवर काम केले आहे, हे विचारावे. अभ्यासक्रमाला कोणाची मान्यता आहे, हे लेखी घ्यावे. मान्यता नसेल, तर भारत सरकारची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्ती तेथे मिळत नाही. हे अनेकांना फी भरल्यावर कळते. ‘नोकरीची हमी’ असे तोंडी सांगितले, तर तेही लिहून मागावे.

सरकारी संस्थांचा विचार आधी करावा, असे आम्ही आग्रहाने सांगतो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचा वेगळा अभ्यासक्रम आहे. कोणत्याही शाखेचा पदवीधर त्याची प्रवेश परीक्षा देऊ शकतो, मग तो बी.ए. असो की आमच्यासारखा बी.कॉम. ही संस्था १९६० साली ‘प्रभात’च्याच जागेत सुरू झाली. म्हणजे कोल्हापुरातून निघालेली वाट तेथवर पोहोचलेली आहेच, फक्त आपल्या मुलांनी तीवरून चालायचे आहे. कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत संकलन आणि ॲनिमेशन हे दोन्ही विषय आहेत. ज्यांचा हात चित्रात चालतो, त्यांच्यासाठी अहमदाबादची राष्ट्रीय डिझाइन संस्था आणि पवईच्या आय.आय.टी.तील डिझाइन विभाग आहे. येथे राखीव जागा असतात. अर्जाच्या मुदती मात्र कोणासाठी थांबत नाहीत, म्हणून जातीचे आणि उत्पन्नाचे दाखले आधीच काढून ठेवावेत. महाराष्ट्र शासनाने २०२५ साली ॲनिमेशन आणि तत्सम उद्योगांसाठी धोरण मंजूर केले आहे. त्याचा लाभ जो आधी तयार असेल, त्यालाच मिळणार.

आणि तयारीसाठी पैसा लागत नाही. ज्या मुलाला वा मुलीला हे काम आवडेल असे वाटते, तिने सुट्टीत एक प्रयोग करावा. एक जातककथा घ्यावी. भावंडाकडून किंवा मैत्रिणीकडून पंचवीस-तीस साधी चित्रे काढून घ्यावीत. काड्यांची माणसे चालतील. मोबाइलवर त्यांचे फोटो घ्यावेत. आजीकडून गोष्ट सांगून घेऊन आवाज भरावा. डाविंची रिझॉल्व्ह किंवा ब्लेंडर ही सॉफ्टवेअर फुकट मिळतात. ती चालवण्यासाठी घरी संगणक नसेल, तर मोबाइलवरच्या साध्या ॲपवरही जोडणी होते. ही चित्रे त्या आवाजावर लावून दोन मिनिटांची रील करावी आणि शेजारच्या पोरांना दाखवावी. पोरे कोठे हसली, कोठे गप्प झाली आणि कोठे उठून गेली, हे वहीत लिहावे. मग पाच चित्रे काढून टाकून पुन्हा दाखवावी.

जिला आपणच लावलेले चित्र काढून टाकताना वाईट वाटते, पण गोष्टीसाठी जी ते काढते, तिच्यात संकलकाचा गुण आहे असे समजावे. तिच्या आईवडिलांनी मग ‘हिला चित्र कुठे येतंय?’ असे म्हणून तिची वाट अडवू नये. तो अर्ज तिच्याबरोबर बसून भरावा.